मेणाचे दात घालून मागणी

शांतवन मास्तर खुर्चीवरून उतरायलाच तयार नव्हते. तोंडात माझे मेणाचे दात, हातात माझा आरसा. कधी हसून बघत होते, कधी ओठ मिटून. सत्तावन्न वर्षांचा निवृत्त शिक्षक एवढा वेळ स्वतःकडे बघतो, तेव्हा काहीतरी बिनसलंय एवढं मला कळलं.

मी दातांचा डॉक्टर. दुसरी मोठी लढाई संपून थोडेच दिवस झाले होते. नगरात कापड बाजाराच्या मागे माझा दवाखाना होता. दाढ ठणकून रात्रभर भिंतीवर डोकं आपटलं की लोक माझ्याकडे येत. तोवर लवंग, तंबाखू आणि शेजाऱ्यांचे सल्ले. शहाण्या गावात दातांच्या डॉक्टरला न्हाव्याच्या वरचा आणि सोनाराच्या खालचा मानत.

मेणाचे दात काय, ते सांगतो. कवळी एका दिवसात होत नाही. दात काढल्यावर हिरड्या भरायला काही महिने द्यावे लागतात. मग मापं घेऊन मेणाच्या पट्टीत चिनी मातीचे दात लावायचे आणि ते पेशंटच्या तोंडात घालून बघायचं. याला म्हणतात ट्रायल. दात वाकडे वाटले, रंग आवडला नाही, तर बदल इथेच करायचा. सगळं जमलं की मेण काढून त्या जागी रबर घालायचं आणि ते भट्टीत शिजवून कडक करायचं. तोवर ते दात फक्त दाखवायचे.

रंगावरून मास्तरांनी आधीच माझं डोकं खाल्लं होतं. कार्डावरचा सर्वांत पांढरा रंग त्यांनी निवडला होता. मी म्हटलं, "मास्तर, तुमच्या चेहऱ्याला हा शोभणार नाही."

"तुम्ही लावा हो."

मी लावले. गिऱ्हाईक म्हणजे राजा, मग तो गाढव का असेना.

आता आरसा खाली ठेवून त्यांनी विचारलं, "पक्के कधी मिळतील?"

"आठ दिवसांनी."

"उद्या नाही होणार?"

"रबर आहे, भजी नाहीत."

मास्तरांनी आरसा पुन्हा उचलून पालथा ठेवला. मग हळूच म्हणाले, "मार्थाबाई परवा मिरजेला चालल्यात. भावाकडे. कायमच्या."

मार्थाबाई म्हणजे मुलींच्या बोर्डिंगच्या मेट्रन. पन्नाशीच्या, अविवाहित. बोर्डिंगातल्या मुलीच काय, तिथला दूधवालाही त्यांना टरकून असे. मास्तर विधुर. दर रविवारी चर्चमधली उपासना झाली की ते बाईंबरोबर बोर्डिंगच्या फाटकापर्यंत चालत जात आणि हवापाण्यावर बोलून परत येत, हे अख्ख्या नगरला ठाऊक होतं.

"मग विचारून टाका की."

"दात नसलेल्या माणसानं कुणाला काय विचारायचं, डॉक्टर?"

म्हणजे दात किडले म्हणून विचारलं नाही. मग काढले म्हणून विचारलं नाही. मग हिरड्या भरायच्या म्हणून विचारलं नाही. एक वर्ष या गृहस्थानं प्रेमाचा कारभार माझ्या दवाखान्यावर ढकलला होता आणि मला त्याचा पत्ताही नव्हता. मला हसू आलं आणि चीडही आली.

तेवढ्यात साखर कारखान्याचे एक साहेब सुजलेला गाल धरून आत आले. मी त्यांना बाजूच्या दुसऱ्या खुर्चीत बसवलं. त्यांची दाढ काढून होईपर्यंत मास्तरांची खुर्ची रिकामी, दार उघडं. टेबलावर मास्तरांच्या तोंडाचे प्लास्टरचे साचे तेवढे होते. दात मास्तर घालून गेले होते.

आयुष्यभर मुलांना शिस्त लावणारा माणूस. त्यात वैशाखाचं ऊन. माझं मेण ओघळू नये म्हणून मी सकाळपासून ओल्या फडक्यात सांभाळलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मार्थाबाई स्वतः आल्या. टेबलावर एक रुमाल सोडला. आत वेडंवाकडं मेण आणि विखुरलेले दात.

"डॉक्टरसाहेब, ह्ये तुमचंच ना?"

"माझंच. काय झालं?"

"मास्तर काल आले. तोंड भरून हसत हुते. मला वाटलं, मी मिरजेला चालले म्हनून आनंद झाला. मी कडक च्या दिला. त्यो पीत पीत म्हनले, मार्थाबाई, मिरजेला जायलाच पायजे का? आन् पुढचे दोन दात बशीत पडले. मग सगळी पट्टीच खाली आली."

"तुम्ही काय केलं?"

"काय करनार? बशीतनं काढले, धुतले. मास्तर तोंडाला उपरनं लावून बसले हुते. म्हनले, आता काय इचारू? मी म्हनलं, इचारून तर झालंय. आता उत्तर ऐका."

"आणि उत्तर?"

"भाऊ उद्या न्यायला येतोय. त्याला जेवायला घालून माघारी धाडनार हाय."

एवढं बोलून त्यांनी पदरानं डोळे पुसले. या बाईच्या डोळ्यांत पाणी येतं हे मला नवीन होतं. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

"बोळक्या तोंडानं इचारलं असतं तरी मी व्हयच म्हनले असते," त्या म्हणाल्या. "पुरं साल घालवलं."

मग दातांकडे बोट करून माझ्यावरच चिडल्या. "आन् ह्ये इतके पांढरे कुनी लावले? पंचविशीतल्या पोराचे वाटत्यात. मला पोरगा न्हाई पायजे. मास्तर पायजेत."

मी निमूटपणे पेटीतून जरा पिवळसर दात काढले. पुन्हा माप, पुन्हा मेण, पुन्हा ट्रायल. या वेळी मास्तर खुर्चीत आणि बाई दारात उभ्या.

पावसाळ्याच्या तोंडावर लग्न झालं. मी मुद्दाम पुढच्या बाकावर बसलो होतो. कवळी नवी होती आणि नव्या कवळीनं जीभ अडखळते. पाळकसाहेबांनी वचन विचारलं, तसे मास्तर थांबले. पाठ फिरवून त्यांनी माझे दात काढले, खिशात ठेवले आणि रिकाम्या तोंडानं "होय" म्हणाले. शेवटच्या बाकापर्यंत ऐकू गेलं. बाई हसत होत्या. माझ्या सगळ्या कामाची किंमत ती एवढीच.

तेव्हापासून उतारवयातला कुणी लग्नासाठी कवळी मागायला आला, की मी त्याला दारातूनच सांगतो, आधी विचारून या, मग माप घेऊ. धंदा थोडा बुडतो, पण मेण वाचतं.