माणूस उठला की सीन पडला

सोपानतात्या शेंडगे आपली पटकथा कुणाला वाचायला देत नसत, सांगत. तीही भिगवणच्या मासळी बाजारासमोर, चहाच्या टपरीवर, लिलाव आटोपून दमलेल्या लोकांना. ऐकणारा मध्येच उठून गेला तर तो प्रसंग तिथल्या तिथं बाद. "माणूस उठला की सीन पडला," म्हणायचे. मी त्यांचा सहायक दिग्दर्शक. मी जीव तोडून लिहिलेला एक प्रसंग त्यांनी असाच उडवला, तेव्हा मी धुसफुसलो होतो. खरं संतापणं काय असतं ते मला पुढं कळलं.

टपरीवर ऐकायला कौसाबाई असत. उजनी धरणाच्या पाण्यात नवरा बुडाला, तर बाईंनी मासेमारीला त्याचीच होडी पाण्यात घातली. भावकीनं वल्ही लपवली, यांनी नवी करून घेतली. तात्यांना यावरच सिनेमा करायचा होता. बाईंची अट एकच होती.

"माज्यावर कायबी लिव्ह, पर शेवटाला मला मारू नगंस. मला मारायला लई जण टपल्यात."

तात्यांनी त्यांच्या पायांना हात लावून शब्द दिला.

सिनेमा झाला. शेवटी बाई होडी घेऊन पाण्यात जाते, एवढंच होतं. पण निर्मात्याला ते पुरेना. बाई जगली तर लोक रडणार कशाला, म्हणे. त्या निर्लज्ज माणसानं तात्यांना पत्ता लागू न देता मुंबईत पाण्याच्या टाकीत दुसरीच बाई बुडवली आणि तो शेवट जोडून टाकला. आम्हाला हे कळलं ते थेट बारामतीच्या थिएटरात, पहिल्या खेळाला. शेजारी कौसाबाई नवं लुगडं नेसून बसल्या होत्या. पडद्यावर त्यांच्या नावाची बाई गटांगळ्या खाऊ लागली आणि मागं बासरी सुरू झाली. कौसाबाई उठल्या.

"तात्या, तुजा सबूद कुठं गेला?" एवढंच विचारून त्या बाहेर पडल्या.

तात्या उठले. मग पडद्यापुढं जाऊन उभे राहिले.

"ह्यो शेवट माजा न्हाय. बाई जिती हाय. आत्ता भाईर गेली, तीच ती."

काहीजण हसले. तात्या मात्र रोज तिकीट काढून जात आणि शेवटाला उभे राहून हेच सांगत. कौसाबाईंच्या कानावर हे गेलं, तशी त्यांनी तात्यांच्या घरी मासळी धाडायला सुरुवात केली. निर्मात्यानं दारावर माणसं ठेवून तात्यांना धक्के मारून बाहेर काढलं. तात्यांचं डोकं फिरलंय, अशी आवई उठवली. एकानंही शहानिशा केली नाही, त्यांच्यासोबत जेवलेल्यांनीही नाही. तात्यांना पुन्हा काम मिळालं नाही. ते टपरीवर गोष्टी सांगत राहिले आणि गेल्या वर्षी हृदयविकारानं गेले. मला अजूनही त्या सगळ्यांची चीड येते.

इंदापूरच्या शोकसभेला तो निर्माता आला. पांढऱ्याशुभ्र कपड्यांत, रुमाल घेऊन. "तात्यांनी लिहिलेल्या त्या शेवटानं आपल्या सगळ्यांना रडवलं," असं तो माइकवर म्हणाला. मेलेल्या माणसाच्या नावावर त्यानं तो शेवटही खपवला.

पुढच्या रांगेतून कौसाबाई उठल्या. पाठ फिरवून दाराकडं चालू लागल्या. मग टपरीवरची माणसं उठली, मग त्यांच्या मागची रांग. खुर्च्या सरकत राहिल्या, तो बोलत राहिला.

मी सगळ्यांत शेवटी उठलो. तो सीन पडताना मला डोळे भरून बघायचा होता.