गच्चीवरून सोडलेला दोर

“दोन मिनिटं थांबा, ताई. खांदा बसवून घेतो.” एवढे म्हणून तो उजव्या हाताने टँकरची शिडी धरायचा, डोळे मिटून अंग मागे झोकायचा. आतून ‘खट्’ असा दबका आवाज आला की, “बसला,” म्हणून पुन्हा पाइप उचलायचा.

दुष्काळाच्या त्या वर्षांत आमच्या नव्या वसाहतीत घरे उभी राहिली होती, नळ आले नव्हते. टँकरबरोबर येणारा हा माणूस पाइपचे तोंड खालून भिरकावून थेट गच्चीवर, टाकीपाशी पोहोचवायचा. तुम्ही पाहिले असते तर कौतुकच केले असते. मी फिजिओथेरपीच्या शेवटच्या वर्षाला होते. मला त्यात फक्त एक कोन दिसायचा. हात वर आणि बाहेर वळलेला, म्हणजे खांदा निखळण्याची नेमकी स्थिती.

“किती वेळा निसटला?”

“मोजलं नाय. पहिल्यांदा लासूर स्टेशनला, पोतं उतरवताना. तवा लई रडलो. आता सवय झाली.”

ही सवयच मला भिववत होती. खांद्याची वाटी मुळातच उथळ. पहिल्या वेळी तिची कड फाटते आणि पुढे हाड दर वेळी अधिक सहज बाहेर पडते. दुखणे कमी झाले म्हणून त्याला वाटायचे, खांदा सुधारतोय. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितले होते. “उन्हाळा जाऊ द्या,” तो म्हणायचा.

मी त्याला व्यायाम दिला. सायकलची ट्यूब टँकरला बांधायची, कोपर बरगडीशी चिकटवून हात आत-बाहेर ओढायचा. टाकी भरेपर्यंत तो ते करत राही.

“क्या पहलवान, कुस्तीला चाललास का?” ड्रायव्हर चिडवायचा.

“व्हय, तुझ्याशीच.”

शिवाय मी घरोघरी फिरून दोर ठेवायला लावले. वरून दोर सोडायचा, त्याने पाइप बांधायचा, वरच्याने ओढून घ्यायचा. महिनाभर खांदा एकदाही निसटला नाही.

माझ्या तोंडी परीक्षेच्या सकाळी टँकर आला. आमचा दोर आईने कपडे वाळत घालायला बांधला होता. सोडवायला फार तर पाच मिनिटे लागली असती. मी घड्याळ पाहिले आणि म्हणाले, “आजच्यापुरता पाइप फेका. मी धरते.”

त्याने क्षणभर वर पाहिले. “तुमीच म्हणता, मग काय होतंय.”

पाइप माझ्या हातात आला. खाली तो माणूस खांदा धरून बसला. मग उठून त्याने शिडी धरली, अंग झोकले. आवाज आला नाही.

“ताई, बोटं कळंना झालीत.”

हाताची नस दाबली गेली होती. मी खाली धावले, माझ्या ओढणीची झोळी करून हात बांधला आणि त्याला रिक्षात बसवले. क्रांती चौकाच्या सिग्नलला थांबलो, तेव्हा मी पुन्हा पुन्हा विचारत होते, “हलतात का?” तो बोटांकडे पाहत होता, माझ्याकडे नाही.

खांदा बसवला गेला, पुढे ऑपरेशनही झाले. घरी सोडले तेव्हा त्याचा अंगठा अजून बधिर होता. तो गावी गेला, तो टँकरवर परतला नाही.

आता दुसरा माणूस येतो. तरुण आहे, खांदे भक्कम आहेत.

“दोर कशाला, मॅडम? फेकतो की.”

“बांधा,” मी म्हणते, आणि तो गाठ मारेपर्यंत दोर धरून उभी राहते.