रोजच्यासारखं राहा

आम्ही लोकांच्या रोजच्या जगण्यावर छोट्या फिल्म करतो. फिल्म होते दहा मिनिटांची आणि कापून टाकलेलं फुटेज दहा तासांचं. किस्से सगळे त्या कापलेल्यात! चहाला बसलो की आम्हाला विषय शोधावा लागत नाही.

दिग्दर्शक मी, आणि माझा नियम एकच: आपण फक्त बघायचं, मध्ये पडायचं नाही.

\*

चिकलठाण्याच्या एका गल्लीत नळाला पाणी येतं तो दिवस शूट करायचा होता. पाणी आठवड्यातून एकदा, तासभर. सकाळी पोचलो तर गल्ली झाडलेली, दारोदार रांगोळ्या, आणि पहिल्याच घरच्या कमलबाई पैठणी नेसून हंडा घेऊन उभ्या!

"मावशी, रोजच्यासारखं राहा ना."

"रोजच्यावानी राहायला तुमी रोज येता व्हय?"

ते फुटेज गेलं.

\*

पुढच्या पाण्याला कमलबाई जुन्या गाऊनवर होत्या. मी खूश. पाणी आलं आणि त्यांनी पाइप थेट आमच्या कॅमेरामनच्या, सलीमच्या हातात दिला. "धर जरा, गॅसवर दूध हाय."

त्यानं धरला. त्या दिवसाच्या फुटेजमध्ये नुसती ड्रमची आतली बाजू आहे.

मी जाम तापले. सलीम म्हणाला, "मॅडम, मावशी को नको कैसा बोलता मैं?"

\*

तिसऱ्या वेळी मी कॅमेरा ट्रायपॉडवर लावला आणि सलीमला सांगितलं, हात खिशात. पाणी आलं. फ्रेम सुरेख, आमच्याकडे कुणी बघतसुद्धा नव्हतं. फक्त कमलबाईंच्या दाराला कुलूप होतं, आणि बाहेरचे दोन्ही ड्रम कोरडे.

शेजारच्या शबानाआपा स्वतःची टाकी भरता भरता म्हणाल्या, "लेक की डिलिव्हरी हुई ना, दवाखाने में है कमल. कल बच्चे को लेके घर आते. पानी कां से लाएंगी? मेरे तो दोच हाथां हैं."

सलीमनं माझ्याकडे बघितलं. हात खिशातच. मी घड्याळ बघितलं. पाण्याची वीस मिनिटं उरली होती.

\*

फिल्म गल्लीतच दाखवली, पांढऱ्या चादरीवर. शेवटचा शॉट सहा मिनिटांचा, कुठंही न कापलेला. कॅमेऱ्यामागं कुणीच नाही. समोर सलीम कमलबाईंच्या ड्रममध्ये शबानाआपांचा पाइप धरून उभा, आणि मी ओढणी कमरेला खोचून, नखशिखांत भिजून, पाइप निसटला म्हणून त्याच्यावर ओरडतेय.

नातवाला मांडीवर घेऊन कमलबाईंनी शेवटपर्यंत बघितलं. मग माझ्याकडे वळून म्हणाल्या,

"आता कसं, रोजच्यावानी दिसता."