कुंपणाची कण्हेर

ज्ञानूअण्णा सैन्यातून हवालदार म्हणून रिटायर झाले आणि मलकापूरजवळच्या घरी येऊन त्यांनी आधी बाग केली. गुलाब, जास्वंद, मोगरा. शेळ्या सगळं फस्त करायला लागल्या, तेव्हा बांधाला पिवळी कण्हेर ओळीनं लावली. तिला शेळी तोंड लावत नाही. दोन-तीन पावसाळ्यांत कुंपण डोक्याच्या वर गेलं.

शेजारच्या पल्लवीची शिवांजली चार वर्षांची. आईबाप कामावर गेले की ती अण्णांकडंच असायची. कण्हेरीची हिरवी फळं, बिट्ट्या, गोळा करून भातुकली मांडायची. अण्णाही मांडी घालून बसायचे आणि खोटं खोटं जेवायचे.

वैशाखातल्या एका दुपारी पोर ओकायला लागली. "ऊन लागलं गं तुला," म्हणत अण्णांनी लिंबूसरबत पाजलं, पंख्याखाली निजवलं. पल्लवी आली तेव्हा पोरीचे हातपाय गार पडले होते. नवऱ्यानं, जयराजनं, दोघींना मोटारसायकलवर घेतलं आणि कराडचा दवाखाना गाठला.

तिथून त्याचा फोन आला. "अण्णा, डॉक्टर इचारत्यात, पोरीनं काय खाल्लं? तुमच्या बागंत काय काय हाय?"

"गुलाब हाय, जास्वंद, मोगरा... त्यानं काय हुतंय रं?"

कण्हेरीचं नाव तोंडात आलंच नाही. त्यांच्या लेखी ते कुंपण होतं, फूलझाड नव्हतं.

फोन ठेवून ते अंगणात गेले. भातुकलीच्या ताटलीत दगडानं फोडलेली बिट्टी होती. आतली बी अर्धी खाल्लेली. त्यांनी धावत येऊन फोन लावला.

"जयराज, कण्हेर! कण्हेरीची बी खाल्लीया तिनं!"

डॉक्टरांनी शिकस्त केली. पण हृदयाचे ठोके मंदावत गेले, आणि सकाळी पोर गेली.

पाहुणे पांगल्यावर अण्णा पल्लवीपुढं जाऊन उभे राहिले. "मला वाटलं, ऊन लागलं. तवाच न्यायला पायजे हुतं."

पल्लवीनं वर पाहिलं नाही. "आवं अण्णा, मीबी रोज बघत हुते की तिला त्या बिट्ट्यांशी खेळताना."

अण्णांनी पहार घेऊन सगळी ओळ मुळासकट उपटली, खड्ड्यात पुरली. मग लहान पोरं असलेल्या घरांतून, कण्हेर काढा म्हणून सांगत फिरू लागले. लोक ऐकून घेत, चहा विचारत. कुणी झाड तोडलं, कुणी नाही. त्यातल्याच एका घरच्या दादासोनं तर तोंडावर सांगितलं, "अण्णा, तुमचं दुख कळतंय. पर कुंपणाला दुसरं काय लावू?"

"तार मारू. मी येतो खांब रोवायला."

"बघू," म्हणून दादासो आत गेला. त्याची कण्हेर अजून उभी आहे.