दोन रुपये कमी असलेली वीट

आधीच सांगते, माझं अक्षर किरटं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घाचं आणि माझं कधी जमलं नाही. चौथीनंतर शाळा सुटली ती सुटलीच. हे मी लेकीच्या जुन्या वहीच्या मागच्या पानांवर लिहिते आणि वही गव्हाच्या कोठीमागे ठेवते. तरी कुणाच्या हाती लागलीच तर चुका पोटात घालाव्या. पण एक गोष्ट मी छातीठोक लिहिते. आमच्या थोरल्या जाऊबाईंसारखी तऱ्हेवाईक बाई शेवगावपासून नेवाशापर्यंत दिवा घेऊन शोधली तरी सापडायची नाही, आणि आयुष्यात मी त्यांच्याइतकं दुसऱ्या कुणावर जळले नाही. त्यांच्या सोन्यावर नाही. सोनं माझ्याकडेच दोन तोळे जास्त आहे. रूपावर तर नाहीच. मी जळले ते त्यांच्या विटांवर.

दोघा भावांनी शेवगावच्या बाहेर शेजारी-शेजारी प्लॉट घेतले आणि एकाच दिवशी, एकाच बँकेतून, प्रत्येकी आठ लाखांचं घरकर्ज काढलं. आमचे हे साखर कारखान्यात कायम, थोरले भाऊजी शाळेत शिपाई. मुदत वीस वर्षं, म्हणजे आमच्या यांच्या निवृत्तीपर्यंत अगदी मोजून. हप्ता महिन्याला सात हजार एकशे अठ्ठ्याण्णव. मी तो आकडा ऐकला, पगारातून वजा केला, उरलेल्यात किराणा बसतो का पाहिलं आणि कर्ज हा विषय माझ्यापुरता संपवला. मी चौथी पास. जाऊबाई शाळेत गेल्या त्या फक्त भाऊजींचा डबा पोचवायला. म्हणून तर जास्त झोंबतं.

पण त्यांच्या वडलांची वीटभट्टी होती आणि त्या भट्टीवरच वाढल्या होत्या. त्यांना जग विटांतच मोजता यायचं. भाचीसाठी स्थळ बघून आल्या तेव्हा मुलगा किती उंच आहे असं विचारलं, तर म्हणाल्या, "चांगला इस थराचा हाय, वर जरा गिलावा धरला तर एकइसावर जाईल." शेजारणीच्या बाळाला मांडीवर घेतलं की दोनदा झुलवून सांगायच्या, "दीड वीट भरतंय, दूध वाढव." आणि खरंच बाळ तेवढंच भरायचं. अशा बाईच्या हातात बँकेचा हप्त्यांचा कागद पडला. आमच्याकडेही तसाच कागद आला होता, मी तो कपाटातल्या फळीवर अंथरला. जाऊबाईंनी मात्र भाऊजींना ओट्यावर बसवून दोनशे चाळीस ओळी वाचायला लावल्या. एका ओळीला कोळशाची एक रेघ. अर्धी फरशी काळी झाल्यावर भाऊजी दमून म्हणाले, "एकूण सतरा लाख सत्तावीस हजार होत्यात."

"आन् घेतलं किती?"

"आठ लाख."

जाऊबाई उठल्या, पदर खोचला आणि दुसऱ्या दिवशी मला ओढत बँकेत घेऊन गेल्या. मला चारचौघांत बोलायचं म्हटलं की जीभ टाळूला चिकटते, म्हणून मी खांबाआड उभी राहिले. त्या सरळ साहेबाच्या टेबलापाशी गेल्या आणि म्हणाल्या, "साहेब, दुसरं घर दावा."

"कुठलं दुसरं घर, मावशी?"

"ज्याचं पैसं आमी भरनार हाय ते. आठ लाखाचं एक बांधलं. वरच्या नऊ लाखाचं कुठं बांधलंय? चावी तरी द्या, झाडून घेते."

सगळी बँक हसली. साहेबही हसला, पण माणूस भला, त्याने खुर्ची दिली आणि समजावून सांगितलं. व्याज शिल्लक रकमेवर लागतं, म्हणून सुरुवातीला हप्त्यातला मोठा वाटा व्याजातच जातो. पहिल्या हप्त्यात सहा हजार व्याज आणि मुद्दल फक्त अकराशे अठ्ठ्याण्णव. मधेच कधी वरचे पैसे मुद्दलात भरले तर तेवढ्यावरचं पुढचं सगळं व्याज वाचतं. जाऊबाई तोंडावर पदर धरून ऐकत होत्या. मी खांबाआडून भिंतीवरचं कॅलेंडर बघत होते आणि ते फुकट मिळेल का, हे कसं विचारावं याचा विचार करत होते. कॅलेंडर मला मिळालं. तिथून आम्ही दोघी दोन वेगळ्या वस्तू घेऊन घरी आलो, असं आता वाटतं.

घरी आल्या आल्या जाऊबाईंनी गवंड्याला परत पाठवला. घराला आतून गिलावा करायचा नाही, असं त्यांनी ठरवलं. "ब्यांकेच्या भिंतीला मी कशाला गिलावा करू? माझी झाली की करीन." मग त्यांनी आतून दिसणाऱ्या विटा मोजल्या, त्या चार हजार भरल्या. आठ लाखाला चार हजार विटा, म्हणजे वीट पडली दोनशे रुपयांना. पहिला हप्ता गेला त्या दिवशी त्यांनी वाटीत चुना कालवला आणि देवघराच्या कोपऱ्यातल्या सहा विटा पांढऱ्या केल्या. सहाव्या विटेचा एका टोकाचा भाग मात्र लाल ठेवला. मी विचारलं, "हे का राहिलं?"

"दोन रुपये कमी हाईत," त्या म्हणाल्या. "फुकटची वीट नगं."

इकडे आमच्या घरात पीओपी झालं, हॉलला गुलाबी रंग लागला, स्वयंपाकघरात छातीपर्यंत फरशी बसली. पाहुणे माझ्याकडे येऊन "वा" म्हणायचे, पण चहा प्यायला जाऊबाईंकडे बसायचे, कारण तिथे गंमत असायची. आत पाऊल टाकलं की हुकूम यायचा, "तिकडं नगा बसू, ते अजून ब्यांकेचं हाय. हितं या, हितं आपलं हाय." सुरुवातीला आपलं म्हणजे देवघराचा कोपराच होता, तिथे पाचजण गुडघे पोटाशी घेऊन बसायचे. व्याही आले तेव्हा त्यांनाही त्या कोपऱ्यातच बसवलं, आणि ते बिचारे देवासमोर असल्यासारखे हात जोडून शिरा खात होते. मी माझ्या गुलाबी हॉलमध्ये एकटी बसून त्यांचं हसणं ऐकायची. माझ्या सोफ्यावर बसायला कुणाला मनाई नव्हती, म्हणूनच कदाचित कुणी बसत नव्हतं.

मग त्यांनी शेळ्या पाळल्या. वर्षाला तीन-चार बोकड घोडेगावच्या बाजारात न्यायच्या. प्रत्येकाचं नाव ठेवायच्या आणि ते नाव घराच्या एखाद्या भागाचं असायचं. एकाचं नाव चौकट, एकाचं खिडकी, एक जाडजूड होता त्याचं मोरी. "मोरीला जरा सर्दी झालीया," असं त्या रस्त्यातून ओरडून सांगायच्या आणि नवखा माणूस चक्रावून जायचा. बाजारातून त्या घरी येतच नसत, पैसे कनवटीला बांधून थेट बँकेत. "साहेब, ह्ये हप्त्याचं न्हाई. मुद्दलात टाका. हप्ता हाय तेवढाच ठेवा, वर्सं कमी करा. आन् पावतीवर मुद्दल म्हनून लिवा." लिहिलेलं त्यांना वाचता येत नव्हतं, पण 'मुद्दल' हा शब्द कसा दिसतो तेवढं त्या चित्रासारखं ओळखायच्या. आमचे हे जेवताना म्हणायचे, "वहिनीचं डोकं बघ." मी यांच्या ताटात भात जरा आदळूनच वाढायची.

तीन वर्षांनी बँकेचं व्याज वाढलं. त्या महिन्यात मी धास्तावून होते, पण हप्ता कापला गेला तो तेवढाच, सात हजार एकशे अठ्ठ्याण्णव. मला इतका आनंद झाला की मी अर्धा किलो पेढे आणले आणि गल्लीत वाटले. "बँकेने आमचा हप्ता वाढवला नाही," असं मी, कुणाशी न बोलणारी बाई, दारोदार सांगत फिरले. जाऊबाईंनी पेढा खाल्ला, दुसरा मागून घेतला आणि म्हणाल्या, "धाकटे, पेढा ग्वाड हाय. पर हप्ता न्हाई वाढला तर वर्सं वाढली असतील. इचारून ये."

मी विचारलं नाही, यांनी विचारलं. वर्षं वाढली होती. सहा. म्हणजे यांची नोकरी संपल्यावर, पगार बंद झाल्यावरही सहा वर्षं हप्ता चालूच राहणार होता, आणि तो कशातून भरायचा हे पीओपीकडे बघून काही सुचत नव्हतं. त्या दिवशी हे जेवले नाहीत. जाऊबाईंकडे मात्र त्याच महिन्यात खिडकी आणि मोरी असे दोन बोकड विकले गेले होते आणि चुलीमागची भिंत पांढरी होत होती.

आता जे लिहिते ते मी कुणाला कधी बोलले नाही. पुढच्या बाजाराला त्या घोडेगावला गेल्या तेव्हा शेळ्यांना पाणी पाजायचं काम माझ्यावर होतं. पाणी पाजलं, घरात गेले. भिंतीवर ऊन पडलं होतं आणि त्या पांढऱ्या विटा दात काढून हसल्यासारख्या दिसत होत्या. मी फडकं ओलं केलं आणि चुलीमागच्या सात विटा पुसल्या. खरवडून पुसल्या. मग घरी येऊन दार लावून बसले.

संध्याकाळी हाक आलीच. "धाकटे! अगं ये की! ब्यांकेनं माझ्या सात विटा परत नेल्या!"

"पाणी उडालं असेल, जाऊबाई."

"सातच विटांवर? बरं पानी हाय, मोजून उडतंय." दुसऱ्या दिवशी त्या बँकेत जाऊन चौदाशे रुपयांचा हिशेब मागून आल्या. हिशेब चोख निघाला. परत आल्यावर त्यांनी मुकाट्याने चुना कालवला आणि बाकीच्या विटा लावत राहिल्या, पण त्या सात तशाच लाल ठेवल्या. वर्षानुवर्षं ठेवल्या. मी चुलीपाशी बसायला गेले की त्या सात विटा माझ्याकडे बघायच्या.

अकराव्या वर्षी त्यांचं कर्ज फिटलं. बँकेने घराची कागदपत्रं परत दिली. जाऊबाईंनी ती देवासमोर ठेवली, सगळ्यांना सगळ्या घरात कुठेही बसायला सांगितलं, आणि लोक इतके भांबावले की जुन्या सवयीने देवघराच्या कोपऱ्यातच गोळा झाले. मग त्यांनी मला चुलीपाशी नेलं आणि चुन्याची वाटी हातात दिली.

"ह्या सात तू लाव."

"मी का?"

"पुसल्या तूच हुत्या न्हवं?" आवाजात राग नव्हता, मीठ मागावं तसं बोलल्या. "तवाच कळलं मला, तुला लई लागलंय म्हून. म्हटलं, ठिऊ हिच्यासाठी."

मी सात विटा लावल्या. निम्मा चुना साडीवरच पडला. निघताना त्यांनी एक तरणी शेळी माझ्या हातात दिली. "हिचं नाव तूच ठेव. अजून उशीर झाला न्हाई. तुझं मुद्दल बी रुसलेल्या मानसासारखंच हाय, त्याच्यापाशी गेल्याबिगर कमी न्हाई व्हायचं."

मी शेळीचं नाव पायरी ठेवलं. माझ्या घरात वीट कुठे दिसते? सगळीकडे गुलाबी. म्हणून मी कपाटाच्या दाराला आतून खडूने चौकोन आखले, एक चौकोन हजार रुपयांचा, आणि भरला की त्यात चुन्याचं बोट लावत गेले. पायरीची पहिली पिल्लं विकून मी बँकेत गेले. साहेब बदलला होता, खांब तोच होता. मी त्याच्याआड बराच वेळ उभी राहिले. मग टेबलाशी जाऊन म्हटलं, "मुद्दलात टाका." आवाज इतका बारीक आला की त्यांनी तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा मी ओरडलेच, आणि मागच्या रांगेतला एकजण दचकला. पुढे ब्लाउज शिवले, पिकोफॉल केले, दिवाळीत नवी साडी घेतली नाही. हे म्हणायचे, "तू आता वहिनीसारखी व्हायला लागलीस." एकदा तर रागाने म्हणाले, तरी मला बरं वाटलं.

जाऊबाईंनी मधल्या काळात घराला गिलावा करून घेतला. भिंती गुळगुळीत झाल्या, त्यावर फिकट पिवळा रंग आला, चारचौघांसारखं घर झालं. लोक म्हणाले, आता कसं छान दिसतं. मी चुलीपाशी उभी राहून भिंतीवरून हात फिरवला. आत कुठेतरी त्या सात विटा होत्या. त्या घराकडे बघून पहिल्यांदाच मला हेवा वाटला नाही, नुसतं चुकचुकल्यासारखं झालं.

परवा आमचं कर्ज फिटलं. यांच्या निवृत्तीला अजून आठ महिने आहेत. कागदपत्रांची फाइल घेऊन मी आधी जाऊबाईंकडे गेले. भाऊजी गेल्यापासून त्या ओट्यावरच बसून असतात, डोळ्यांनी कमी दिसतं, शेळ्याही आता नाहीत. त्यांचा हात धरून मी त्यांना माझ्या घरी आणलं, कपाटाचं दार उघडलं आणि त्यांचं बोट चुन्यात बुडवून शेवटच्या चौकोनावर नेलं. बोट वाकडं गेलं आणि चौकोनाचा एक कोपरा कोरा राहिला.

जाऊबाईंनी डोळे बारीक करून दाराजवळ नाक नेलं.

"का गं धाकटे," त्या म्हणाल्या, "दोन रुपये कमी हाईत व्हय?"

"नाही जाऊबाई," मी म्हटलं. "सगळं फिटलं."