पिवळ्या दोऱ्याची वायर

वायर विकत घेतली आणि आमच्या व्याह्यांच्या तावडीतून सुटला, असा माणूस अख्ख्या नंदुरबार जिल्ह्यात शोधून सापडायचा नाही. वायर म्हणजे भिंतीतली विजेची नव्हे; फोनला, कॉम्प्युटरला लावतात ती यूएसबीची. तुम्ही-आम्ही ती खोचतो आणि फोन चार्ज व्हायला लागला की विसरून जातो. आमचे व्याही विसरू देत नाहीत. ते मूळचे धानोऱ्याचे, राहायला नंदुरबारात, धंद्याने मिरचीचे व्यापारी, वयाने माझ्याहून थोडे मोठे आणि नात्याने माझ्या एकुलत्या एक मुलीचे सासरे. सगळे त्यांना आबा म्हणतात, म्हणून मीही म्हणतो. वायर, तिची टोकं आणि तिचा वेग या विषयांवर त्यांनी मला जेवढं ऐकवलं आहे, तेवढं मी पाटबंधारे खात्यातल्या उभ्या नोकरीत कोणत्याही साहेबाकडून ऐकून घेतलं नव्हतं. पण साहेबाकडे पाठ फिरवता येते. मुलीच्या सासऱ्यासमोर मान डोलवावी लागते, आणि ती मी अजून डोलवतो आहे.

त्यांची पहिली भेट मला चांगली आठवते. मुलगी पाहायला मंडळी आमच्या घरी खांडबाऱ्याला आली होती. पोहे झाले, चहा झाला, आता मुलीला काहीतरी विचारतील म्हणून बायको दाराआड कान देऊन उभी. आबांचं मुलीकडे लक्षच नव्हतं. त्यांची नजर खिडकीपाशी चार्जिंगला लावलेल्या माझ्या फोनवर खिळली होती. परवानगी मागून त्यांनी वायर काढली, दोन बोटांत धरून वाकवली, टोकात डोकावून पाहिलं आणि घरात आणखी कोणकोणत्या वायरी आहेत याची चौकशी केली. मी टीव्हीखालच्या खणातला सगळा गुंता आणून त्यांच्यापुढे ठेवला. मग बराच वेळ ते एकेक वायर सोडवून बाजूला मांडत होते आणि दोन्हीकडची मंडळी श्वास रोखून निकालाची वाट पाहत होती. शेवटी त्यांनी सांगितलं, की या घरात एकही वायर फोटो वाहून नेण्याच्या लायकीची नाही, सगळ्या नुसत्या चार्जिंगच्या आहेत. आतून बायकोने कपाळावर हात मारल्याचा आवाज मला ऐकू आला. तेवढ्यात आबा म्हणाले, "पोर चांगली शे, भाऊसाहेब. वायरी मी देसू." असं ते लग्न जमलं. आणि खरोखरच, मुलीच्या सासरहून आमच्याकडे आलेल्या पहिल्या आहेरात बायकोच्या लुगड्यावर तीन वायरी ठेवलेल्या होत्या.

त्यांच्या या वेडाचं मूळ मिरचीत आहे, असं माझं मत झालं आहे. नंदुरबारच्या बाजारात ढिगात हात घालून ओल किती आहे, रंग टिकेल की नाही, खाली जुना माल दडवलाय का, हे सांगणारी माणसं आहेत. आबा त्यांतले वरच्या रांगेतले. वरवर दिसणाऱ्या मालावर त्यांचा काडीचा विश्वास नाही. हात कोपरापर्यंत आत गेला पाहिजे. पूर्वीच्या वायरींशी त्यांचं बरं जमत असे. रुंद, चपटं टोक कॉम्प्युटरचं, चौकोनी टोक प्रिंटरचं, बारीक टोक फोनचं. ते चपटं टोक एकदा सरळ, एकदा उलटं आणि पुन्हा सरळ धरल्याशिवाय आत जात नसे, पण त्याची ओळख तरी पटत होती. आतली पट्टी निळी असली तर बहुधा वेगवान, काळी किंवा पांढरी असली तर बहुधा संथ. मग सी टाइप आली. कशीही धरा, जाते. जगाला फार आनंद झाला, आबांची झोप उडाली. कारण सगळ्यांचं तोंड एकसारखं, आणि पोटात एकीच्या नुसती वीज, दुसरीच्या तोच जुना संथ वेग, तिसरीच्या त्याच्या दहापट, चौथीच्या ऐंशीपट. "तोंड देखीसन पोर देऊ नका, नि तोंड देखीसन वायर लेऊ नका," असं त्यांनी मला बजावलं. मी माझी पोर त्यांच्या मुलाचं तोंड पाहूनच दिली होती, पण ते बोलायची सोय नव्हती.

म्हणून मग त्यांनी गोदामातली पद्धत घरात आणली. मिरचीच्या पोत्यांना प्रतीप्रमाणे रंगीत दोरा बांधायचा त्यांचा रिवाज आहे. तसे त्यांनी वायरींनाही दोरे बांधले. लाल दोरा म्हणजे फक्त चार्जिंग. पिवळा म्हणजे फोटो जातील, पण मुंगीच्या पावलांनी. हिरवा म्हणजे वेगवान. त्यांच्या घरात बिनदोऱ्याची वायर पाहायला मिळत नाही. कंपन्यांनी त्या एकाच वेगाला आधी एक नाव दिलं, मग दुसरं, मग तिसरं, याचाही त्यांना मनस्वी राग आहे. "पोरनं बारसं एकदाव व्हस," ते म्हणतात, "ह्या लोकेस्नी तीनदाव करं." डब्यावर वेग लिहितात तो बिटमध्ये, आणि आपण फाइल मोजतो बाइटमध्ये, आठ बिट मिळून एक बाइट होतो, हे गिऱ्हाइकाला कोणी सांगत नाही. मोठा आकडा दिसावा म्हणून लहान मापाने मोजायचं, ही लबाडी मिरचीच्या बाजारातसुद्धा चालत नाही, असं त्यांचं म्हणणं. नंदुरबारातला एक मोबाइलवाला तर आबा रस्त्याच्या पलीकडे दिसले तरी जेवायला जातो म्हणून उठतो.

ते मोबाइलवाल्याचं उठणं नुसतं चर्चेला कंटाळून नसतं, हेही सांगायला हवं. आबांच्या हाताला मिरची आहे. कितीही धुतले तरी त्या हातांचा ठसका जात नाही, आणि त्यांनी हाताळलेली प्रत्येक वायर तो घेऊन फिरते. एकदा आम्ही दोघं एका मयताच्या घरी सांत्वनाला, म्हणजे दारावर बसायला गेलो होतो. मंडळी खाली मान घालून बसली होती. गेलेल्या गृहस्थांचा मुलगा कोपऱ्यात वडिलांचे जुने फोटो एका डिस्कवरून कॉम्प्युटरमध्ये उतरवत होता. आबांची चुळबुळ सुरू झाली. वेगवान डिस्क काळ्या खाचेत लावलेली त्यांना दिसली होती. थोडा वेळ त्यांनी दम धरला, मग उठून गेले, मुलाला विचारून वायर काढली, शेजारच्या निळ्या खाचेत लावली आणि परत येऊन डोळे मिटून बसले. फोटो भराभर उतरले. मग त्या मुलाने वायर काढून ठेवली, त्याच हाताने डोळे पुसले आणि असा काही रडला, की बायकांनी पुन्हा हंबरडा फोडला. घरी येताना आबा म्हणाले, की दुःखात असलेल्या माणसाला उगाच थांबवून ठेवणं त्यांना पाहवलं नाही. वेळ फुकट घालवणारी वायर म्हणजे त्यांच्या लेखी पापच.

आबांना एकच मुलगा, म्हणजे माझा जावई. तो पुण्याला कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. वर्षातून एकदा, कानबाईला, माझ्या मुलीला आणि चिमुरड्या नातीला घेऊन गाडीने येतो. कानबाई आमच्या खानदेशची घरातली देवी. श्रावणातल्या रविवारी बसते, सोमवारी सकाळी वाजतगाजत पाण्यावर जाते. तिचे रोट, म्हणजे नैवेद्याच्या जाड पोळ्या, घराण्याच्याच माणसांनी खाऊन संपवायचे असतात. मी व्याही, परक्या कुळातला. त्यामुळे माझी मुलगी रोट खाते आणि शेजारी बसलेल्या मला वेगळ्या पिठाची पोळी वाढतात. सोमवारी दुपारी जेवण झालं, की जावयाची निघायची घाई. आबा आठ दिवस आधीपासून घर झाडून घेत असतात, नातीसाठी झोका बांधतात, आणि ती सगळी एका रात्रीत येऊन जातात. एक दिवस थांब, एवढं ते मुलाला कधीच म्हणत नाहीत. पोराला कामं आहेत, आपण आडवं यायचं नाही, हा त्यांचा बाणा. गाडी वळणाआड गेली, की तो झोका ते लगेच सोडून ठेवतात. ते मात्र मला पाहवत नाही.

निघण्याआधी एक काम ठरलेलं असतं. नातीचे वर्षभराचे व्हिडिओ जावई एका डिस्कमध्ये घेऊन येतो आणि आबांच्या कॉम्प्युटरवर उतरवून देतो. डिस्कमध्ये ऑफिसचंही काही असतं, म्हणून ती परत न्यावी लागते. आबा दरवर्षी स्वतःच्या हाताने हिरव्या दोऱ्याची वायर काढून देतात आणि चहा संपायच्या आत काम संपलं, की माझ्याकडे विजयी मुद्रेने पाहतात. गेल्या श्रावणात मात्र चहा झाला, दुसरा चहा झाला, आणि पडद्यावरची पट्टी जागची हलायला तयार नाही. जावई म्हणाला, "आबा, आज भलतं हळू चाली ऱ्हायनं." आबा वर्तमानपत्रातून डोकं वर न काढता म्हणाले, "डिस्क तपी गयी व्हई. चालू दे." मी चाट पडलो. एरवी या माणसाने अशा वेळी डिस्क, वायर, खाच आणि कंपनी या सगळ्यांचा उद्धार केला असता.

पाय मोकळे करायच्या निमित्ताने मी कॉम्प्युटरपाशी गेलो. वायर सी टाइपची, दिसायला नेहमीसारखीच. पण तिला दोरा नव्हता. त्या घरातली बिनदोऱ्याची वायर मी पहिल्यांदाच पाहत होतो. हिरव्या दोऱ्याची खुंटीवर तशीच लटकत होती, आणि टेबलाखाली, कात्रीने कापलेला पिवळा दोरा पडला होता. मी तो उचलला. मागे वळलो तर आबा वर्तमानपत्रावरून माझ्याकडेच बघत होते. लहान मुलाची चोरी पकडली जावी तसा त्यांचा चेहरा झाला होता. पोराला ऐकू जाणार नाही इतक्या हळू ते म्हणाले, "भाऊसाहेब, तुमनी पोर बी थांबनी ना."

मी दोरा खिशात घातला. पट्टी सरकत राहिली, बाहेर पावसाची झड लागली, अंधारून आलं. पावसात रात्रीची गाडी काढायची नाही, असा त्या घरचा नियम आहे, आणि त्याची जावयाला आठवण करून द्यायचं पुण्य मी पदरात पाडून घेतलं. संध्याकाळी आबा आणि नात एकाच ताटात उरलेला रोट दुधात कुस्करून खात बसले. नात शिंकली, आबांनी तिचं नाक पुसलं, ती आणखी शिंकली. माझी मुलगी माझ्या ताटात पोळी वाढताना म्हणाली, की आज कितीतरी दिवसांनी निवांत बसायला मिळालं. मीही माझी खांडबाऱ्याची गाडी सोडून दिली होती. वेगाचा एवढा ध्यास घेतलेल्या माणसाने सगळं शास्त्र पणाला लावून एक संध्याकाळ मिळवली होती, आणि तीतली अर्धी मला दिली होती.

परवा आबांचा फोन आला. आवाज पडलेला होता. यंदा मुलगा डिस्क आणणार नाही. व्हिडिओ सगळे नेटवर ठेवले आहेत, आल्यावर तिथेच बसून उतरवून देईन, वायरीची गरज नाही, असं त्याने सांगितलं होतं. त्यांना वायरीवाचूनचं जग कसं वाटत असेल, याचा मी विचार करत होतो. मग त्यांनी विचारलं, "नंदुरबारमा नेटना वेग काय शे आते?"

मी म्हणालो, "पानीपाऊसमा कमीच ऱ्हास, आबा. मधमा बंद बी पडस."

"मंग बरं शे," आबा म्हणाले, आणि नातीचा झोका या वेळी ओसरीत बांधावा की अंगणात, हे मला विचारू लागले.

मी यंदा परतीची गाडी मंगळवारचीच धरली आहे.