गिरणवाल्या वहिनींची माघार

पिंपरी पेंढारला मी शाळामास्तर होतो तेव्हा दळण घेऊन गिरणवाल्या वहिनींकडे जायचो. गिरणीच्या खडखडाटात बोलून बोलून त्यांना हळू बोलणं जमतच नसे. देवळातही त्यांचा आवाज चढाच. एकदा रेडिओवर लढाईच्या बातम्या ऐकताना त्यांनी विचारलं, "गुर्जी, त्या गरीब देशात एवढ्या बंदुका येत्यात कुठनं?"

"मोठे देश पुरवतात. भांडण त्यांचं, लढतात हे."

"मंजी मरायचं ह्यांनी आन् जिंकायचं त्यांनी!" चिमटीत पीठ चोळून बघत त्यांनी रेडिओ बंद केला.

त्याच साली ग्रामपंचायतीत आमचा वॉर्ड बायकांसाठी राखीव झाला. तालुक्यातल्या एका पुढाऱ्याने वहिनींना उभं केलं आणि त्याच्या वैऱ्याने त्यांच्या सख्ख्या जावेला. दोघींच्या दारात जिपा लागल्या. एका अंगणातल्या दोघी जावा एकमेकींशी बोलेनाशा झाल्या.

माघारीच्या दिवशी मी निवडणुकीच्या कामाला जुन्नरच्या तहसील कचेरीत होतो. वहिनींनी सगळ्यांदेखत अर्ज मागे घेतला. पुढाऱ्याचा माणूस धावत आला. "वहिनी, सायबांचं नाक कापलं तुमी!"

"त्यांच्या नाकापायी माझं घर कापू व्हय?" अख्खी कचेरी वळून बघू लागली. "माझी जाऊ सातवी शिकलीया. ती कारभार लई चांगला सांभाळंल."

तिथेच उभी असलेली जाऊ बिनविरोध निवडून आली. तिच्या पुढाऱ्याची माणसं जिंकल्याच्या थाटात हार घेऊन आली. तिने तो त्यांच्या हातातून काढून घेतला आणि वहिनींच्या गळ्यात घातला. मग त्या दोघी हातात हात धरून, दार उघडून उभ्या असलेल्या जिपांच्या मधून, हसत एसटी स्टँडकडे चालत निघाल्या.